बरेरा

अरबीत प नाही.
म्हणून मनामाच्या या तपासणी केंद्रात
आठ वर्षं मी बरेरा आहे.
खिडकीवरची बदूर हाक मारते, बरेरा!
मी सुई हातात धरून वर बघते
तोवर बाकावरून दुसरंच कुणी उठलेलं असतं.

आज चौघे उठले.
कुरुनेगलचा सुनिमल, ट्रेलर चालवतो,
मनगटाला विहारातला पांढरा दोरा.
बाणावलीचा कायतान, टगबोटीवरचा कुक,
जो स्वतःला पेरैर म्हणवतो.
ब्राझीलचा एक लंबूटांग पोरगा,
कुणाच्या तरी मुलांना फुटबॉल शिकवायला आलेला.
आणि मोझांबिकची दोमिंगा,
जिची शीर सापडायला मला तीनदा टिचकी मारावी लागली.
चार बरेरा, पाचवी मी.
कुणाचं नाक कुणाला नाही.
रक्तगटही बी, ओ, ओ, आणि एक ए निगेटिव्ह.
रक्ताचं नातं म्हणतात ते
निदान माझ्या रॅकमध्ये तरी निघालं नाही.

कायतान कापूस दाबून धरत म्हणाला,
पेरैर म्हणजे झाड गे, नाशपतीचं.
तिकडे पोर्तुगालात ज्याच्या दारात ते होतं
त्याला लोक तसं म्हणायला लागले,
मग त्या गावाला, मग गावच्या धन्याला,
मग धन्याच्या साक्षीने
जो जो डोक्यावर पाणी घेईल त्याला.

कसलं झाड? बदूरने विचारलं.
मी फोनवर चित्र दाखवलं.
कुमथ्रा! ती हसत सुटली.
तुम्ही सगळे कुमथ्रा?
आमच्यापैकी एकानेही ते झाड पाहिलेलं नव्हतं.
फळ पाहिलं होतं,
जाळीच्या मोज्यात, अंगावर स्टिकर, चवीला ओला खडू.

मला वाटतं असं झालं असेल:
कुणी खलाशी वसईच्या धक्क्यावर उतरला.
गोणीतून त्याने काढलं भलत्याच खंडातलं एक बियाळ फळ.
त्याचं नाव त्याला ठाऊक नव्हतं,
घरची आठवण तेवढी आली.
म्हणाला, पेरा.
आम्हाला वाटलं, पेरा म्हणतोय.
पेरलं.
पेरू आला.

शुक्रवारी कधी इथल्या किल्ल्यावर जाते.
तेच जाड दगड, समुद्राकडे तोंड करून बसलेले.
वसईचा किल्ला मराठ्यांनी घेतला,
चर्चच्या घंटा उतरवून देवळांत टांगल्या.
आडनाव कुणालाच नको होतं.
ते आमच्याकडे राहिलं.

त्याआधी आम्ही कोण होतो
हे आई सांगते ते दरवेळी वेगळं.
आणि गावात परेरांचं घर विचाराल
तर पोस्टमनच उलट विचारेल, कुठले परेरा?
अर्धी आळी परेरा.
आम्ही भोकरीखालचे.
बावखलाच्या काठावर आमची भोकर होती,
तिच्या चिकट फळांनी पप्पा पतंग चिकटवायचे.
मी तिसरीत असताना ती पडली,
रात्री, वारा नसताना.
लग्नाच्या पत्रिका अजून भोकरीखालीच येतात.

हे मी कुणाला सांगत नव्हते,
बोलता बोलता लेबलं लावत होते.
सुनिमल बाही खाली करत थबकला.
पेर? म्हणाला. पेर आमच्या परसात तीन आहेत.
आणि हाताने दाखवलं, एवढी,
आत लाल, बिया दातात अडकतात.
तो पेरूबद्दल बोलत होता.
तिखटमीठ लावता? मी विचारलं.
त्याने माझ्याकडे असं पाहिलं
की हेही विचारायचं असतं का.

बरेरा!
बाकावर आता कुणीच नव्हतं.
बदूर माझ्याकडेच बघत होती,
माझ्या परवान्याची मुदत संपत आलेली,
यंदा माझंही रक्त द्यायचं होतं.
मी बाही वर केली.