पायरी

डल्सीचं घर आम्ही समुद्रावरून ओढून नेलं.
न्यूफाउंडलंडच्या सरकारने सांगितलं होतं,
बेटावर आता डॉक्टर येणार नाही, मास्तर येणार नाही,
टपालही नाही.
मग माणसांनी घरांखाली ओंडके सारले,
दोन्ही अंगांना रिकामी पिंपं बांधली
आणि भरतीची वाट पाहिली.
सहा होड्या होत्या. दुसरी माझी.

तिच्या आईने खिडकीचे पडदेही काढले नव्हते.
दिवसभर ते घर माझ्या मागून येत राहिलं,
रुसलेल्या माणसाला मनगटाला धरून न्यावं तसं.
डल्सी त्यात नव्हती.
ती आदल्या आठवड्यातच टोरोंटोला गेली,
कुठल्याशा बिस्किटांच्या कारखान्यात.
जाताना म्हणाली, "पत्र टाक, अझराया."
पत्ता दिला नाही.

पलीकडच्या गावात ते घर
पेट्रोल पंपासमोर उभं केलं, पुढे कुणी पिवळं रंगवलं.
मी तेलाची गाडी चालवायचो. एकोणीस वर्षं
दर नोव्हेंबरात त्याची टाकी भरली.
फिलोमिना पेनी चहा विचारायची.
स्वयंपाकघर तेच. ज्या खिडकीतून डल्सी
माझ्या होडीचं इंजिन ओळखायची
तिच्यातून पंपाचे आकडे दिसायचे.
बसायचो. काही आठवायचं नाही.
खरंच सांगतो, काहीसुद्धा नाही.
किती लिटर गेलं तेवढं लिहून द्यायचो.

फिलोमिना मात्र म्हणायची,
ईशान्येचा वारा सुटला की हे घर कुरकुरतं,
दावं ताणणाऱ्या गायीसारखं.

जुलैत, धुकं नसेल त्या दिवशी, बेटावर जातो.
पायाचे चार दगड, गवत,
आणि घराच्या पाठीमागे
(घर नाही, तरी पाठीमागेच म्हणायचं)
रुबार्ब अजून उगवतो, लाल देठांचा, चुक्याहून आंबट.
कुणी लावत नाही. कुणी खुडत नाही.

पायरी तेवढी नेली नव्हती.
एवढा दगड पिंपांवर कोण लादणार, म्हणाला तिचा बाप.
एकच पायरी. चढलं की पुढे हवा.
त्या रात्री ती पायरीवर होती, मी खाली,
म्हणून आमची तोंडं एका उंचीला आली.
तेवढंच. तेवढंच झालं होतं.

एक्क्याऐंशीचा आहे मी. गुडघा दाबत
खालीच उभा राहतो थोडा वेळ.
मग भरती चढायच्या आत निघायचं असतं.
जाताना एक देठ मोडून
होडीतच चावतो, मीठ न लावता.
दात आंबतात.
धक्क्याला लागेपर्यंत आंबलेलेच असतात.