रिंग बघ

ह्राचिकच्या टपरीत तीन फिल्टर.
एक पांढरा, बिननावाचा, अठराशे द्राम.
एक पिवळ्या खोक्यातला, रशियन.
तिसरा जर्मन, काचेआड. त्याची किंमत
ह्राचिक तोंडानं सांगत नाही,
वहीत लिहून दाखवतो.

"गाडी कुठली?" विचारतो, माहीत असून.
झिगुली. चौऱ्याऐंशीची. रंग एके काळी बदामी.
आठवड्यातून दोनदा चीजचे डबे घेऊन
आशोत्स्कच्या चढावर धापा टाकणारी.
"मग पांढरा ने," तो म्हणतो,
"म्हातारीला कशाला रेशमी रुमाल?"

मी हातमोजा काढतो.
एकेका फिल्टरच्या भोकातून
आगपेटीची काडी घालून
आतला रबरी पडदा दाबून बघतो.
पांढऱ्याचा कडक, वाळल्या लवाशसारखा.
पिवळ्याचा दबतो आणि परत येतो,
कानाच्या पाळीसारखा.
बघायचं ते एवढंच.
या गाडीत फिल्टर आडवा बसतो.
पडदा निबर असला की तेल रात्रभर
गुपचूप खाली उतरून बसतं,
आणि सकाळी उणे वीसमध्ये इंजिन
कोरड्या घशानं ओरडत उठतं,
लाल दिवा सात-आठ सेकंद विझत नाही.
गेल्या हिवाळ्यात मी म्हातारा झालो
तो त्या सात-आठ सेकंदांतच.

पिवळा घेतला.
ह्राचिकनं खोक्यावरची धूळ फुंकली,
माझ्याच अंगावर.

*

इंजिन ऊन असतानाच काम काढावं.
गाडीखाली पुठ्ठा, पुठ्ठ्यावर मी,
उशाशी आरुस्याकबाईंचं घमेलं,
जे परत मिळणार नाही हे त्यांना
देतानाच कळलेलं होतं.
पान्हा लावला. पाव वळसा, अर्धा,
आणि गाडीला पान्हा फुटला:
काळा, गरम, थेट कोपरापर्यंत.

जुना फिल्टर मात्र हलेना.
हातानं नाही, पट्ट्यानं नाही,
पॉलिश पेपर गुंडाळूनही नाही.
शेवटी स्क्रूड्रायव्हर आरपार ठोकला.
पत्रा फाटत गेला, फाटत गेला,
आणि कुरकुरत एकदाचा निघाला.
मी जिंकलो.
जिंकलेला माणूस नीट बघत नाही.

नव्या रिंगला बोटानं तेल लावलं,
फिल्टर हातानंच आवळला, टेकल्यावर पाऊण वळसा.
पावणेचार लिटर मोजून ओतलं.
चावी.

तिसऱ्या मजल्याची खिडकी उघडली:
"मुशेघ! अरे, तुझी गाडी मुततेय!"

बर्फावर काळा डाग, वाढत चाललेला.
तेल गेलं. तूप मुळात नव्हतंच.
हाती काय येतंय ते बघायला पुन्हा खाली शिरलो.

हाती आली रिंग.
जुन्याची. इंजिनाला चिकटून राहिलेली,
चपटी, काळी, तकतकीत,
जागेसारखीच दिसणारी.
अख्खा फिल्टर फाडून काढला मी,
ही मागे राहिली, हूं की चूं न करता,
आणि हिच्यावरच नवी बसवली.
नखानं सोलून काढली तेव्हा
तुटली नाही. ताणली, सोडली,
पुन्हा गोल झाली.

ह्राचिककडे पुन्हा तेल, उधारीवर.
तो हसला नाही. वहीत लिहिताना
फक्त म्हणाला, "रिंग?"
मी मान हलवली.
"माझी वोल्गा होती तेव्हा," तो म्हणाला,
आणि पुढचं काही सांगितलं नाही.

*

सकाळी उणे बावीस.
चावी फिरवली. लाल दिवा.
एक. दो—
विझला.
जीव भांड्यात पडला. भांडं
गाडीखालीच राहिलं होतं, काठोकाठ,
वर रात्रीच्या बर्फाची पातळ साय.

किलोमीटरचा काटा केव्हाच बंद पडलाय,
म्हणून फिल्टरवर पांढऱ्या रंगानं
नुसती तारीख लिहून ठेवलीय.
तिच्याखाली दोन शब्द: रिंग बघ.
वाचणार कोण? पुढच्या खेपेला मीच,
पुठ्ठ्यावर उताणा, टॉर्च दातांत धरून,
आणि तोवर विसरलेला.