कुकरातली वाळू

रविवारी कारखाना बंद असतो,
तेवढा एक दिवस बोटं माझी असतात.
काजूच्या टरफलाचं तेल सहा दिवस चावतं,
राख लावली तरी, खोबरेल चोळलं तरी.
अंगठ्याची साल कांद्यासारखी सुटते.
यंत्रावर ठसा उमटत नाही.
रेशनवाला म्हणतो, दुसरं बोट लावा.
दुसरंही तसंच.

बी आमच्याकडे पोत्यांतून येते.
फळ येत नाही.
ते तिकडेच राहतं, आसोलीच्या सड्यावर,
मान पिरगळून झाडाखाली टाकलेलं,
लाल, पिवळं,
चिलटांच्या घोंगाटात दुपारपर्यंत आंबून जाणारं.
जयवंत गावड्यांना विचारलं, नेऊ का चार बोंडू?
म्हणाले, गोरवांक घालतलंस?
मी म्हटलं, होय.

कृती दिराची.
बाबली जहाजावर भटारखान्यात होता,
सत्तावीस वर्षं.
गोऱ्या लोकांचं काहीतरी,
खाली फळ, वर पीठ,
त्याला नाव होतं. तो सांगायचा, मी हसायचे.
गेल्या दिवाळीपासून
त्याचं अर्धं तोंड हलत नाही.

बोंडू मिठाच्या पाण्यात दोनदा भिजवले.
तरी घशाला धरायचं ते धरणारच,
स्वभावाला मीठ घालून घालून किती घालणार.
फोडींवर गूळ, आंबटाला मूठभर करवंदं,
वेलची संपली होती म्हणून जायफळ.
काजू नाही.
आठशे रुपये किलो.
रसाचा एक थेंब परकरावर उडाला,
तो आता परकराबरोबरच जाईल.

पीठ गव्हाचं, नारळाचा जाड रस,
खायचा सोडा नखावर मावेल एवढा.
मळायचं नाही. थापायचं नाही.
हेच जड गेलं.
हात आपले मळायलाच धावतात.
चमच्यानं नुसतं सोडायचं,
इथे एक ढेकूळ, तिथे एक,
मध्ये फळ दिसेल अशा फटी ठेवून,
ओहोटीला मोचेमाडच्या खाडीत
कातळांची डोकी दिसतात तसं.

ओव्हन कुठला!
कुकराची शिटी काढली, रिंग काढली,
तळाशी उभादांड्याची वाळू घातली,
दोनदा चाळून, अंगणात वाळवून.
तरी शिंपल्याचे तुकडे राहिलेच.
तापल्यावर आत टक् टक् फुटू लागले,
खाली कुणी बाई बसून
बिया फोडतेय जशी.

झाकण उघडायचं नसतं.
मी तीनदा उघडलं.
मधोमध बसलं, एका कडेला करपलं,
पण वास आला तो
थेट पडवीत बाबलीच्या खाटेपर्यंत गेला.

बशी त्याच्या पुढ्यात धरली.
त्यानं खाल्लं. थोडं हनुवटीवर आलं, पुसलं.
मग त्याला नाव सांगायचं होतं.
ओठाचा चालता कोपरा कितीदा तरी उचलला,
घशातून नुसता वारा.
शेवटी चांगल्या हाताची मूठ वळली त्यानं,
बशीवर इथे ठेवली, तिथे ठेवली,
उंच, सखल, उंच,
आणि मान हलवली. कळलं?
कळलं, म्हटलं.

सोमवारी डब्यातून नेलं.
जेवणाच्या सुट्टीत ग्रेडिंगच्या बायका गोळा झाल्या,
काळ्या बोटांनी करपलेली कडसुद्धा खरवडून खाल्ली.
बोंडू? खरंच बोंडू? म्हणत
इनासीनबाय दोनदा खाकरली, आणि परत घेतलं.
ह्या नाव काय गो ह्याचा?
शेवंतीनं विचारलं.

मी मूठ वळली,
डब्याच्या झाकणावर इथे ठेवली, तिथे ठेवली.
त्या बघत राहिल्या.
येडा झाला काय ह्या, कुणीतरी म्हणालं,
आणि भोंगा झाला.

वाळू अजून कुकरातच आहे,
भाजून करडी पडलेली.
समुद्रावर नेऊन टाकायची म्हणते
आणि राहून जातं.
भात सध्या टोपात शिजवते,
वेळ लागतो.