पाहिलं : एक

नगरपालिकेच्या तळमजल्यावर, बॉयलरच्या खोलीला लागून
माझं टेबल. एक स्कॅनर, एक पंच,
आणि ह्रोन नदीकडे तोंड असलेली, न उघडणारी खिडकी.
गावानं केलेला प्रत्येक करार
मी काचेवर पालथा घालते.
उजेडाची पट्टी त्याच्या पोटाखालून सरकते
आणि तो सगळ्यांचा होतो.
त्याआधी नाही. नियमच तसा :
उघड्यावर मांडला नाही, तो करार झालाच नाही.

पहिली काही वर्षं मी पानं वाकडीच लावली.
कोण बघणार होतं?
शाळेच्या छपराचा पत्रा,
दफनभूमीतल्या नळाची दुरुस्ती,
जत्रेतल्या बँडवाल्यांचं मानधन, सूपसकट.

मग यंत्रणा बदलली.
प्रत्येक करारापुढे बारीकसा आकडा दिसू लागला.
पाहिलं : १.
पत्र्यापुढे एक. नळापुढे एक.
सूपसकट बँडपुढेसुद्धा एक.

कुणीतरी होतं.

मी त्या एकाला नाक दिलं, चष्मा दिला,
झोप न येण्याची खोड दिली.
त्याच्यासाठी पानं सरळ लावू लागले.
काचेवरचा कॉफीचा जुना डाग खरवडून काढला.
एकदा तर एकशेवीस पानांचं परिशिष्ट पुन्हा केलं,
कारण सतराव्या पानावर
माझा अंगठा आला होता.

कॉम्प्युटर बघायला बिस्त्रिक आला,
पोरगेला, दाढीत पावाचा चुरा.
म्हणाला, द्राहोमिराबाई, तो एक म्हणजे तुम्हीच.
चढवल्यावर नीट दिसतंय का, उघडून बघता ना?
तेच मोजतंय ते.
बंद करू?

मी म्हटलं, राहू दे.

डिसेंबरात मिठाचा करार आला.
रस्त्यावरचा बर्फ वितळवायचं मीठ, चारशे टन.
भाव वाचला. चष्मा पुसून पुन्हा वाचला.
एवढ्या पैशांत दुकानातल्या पुड्या फोडून
रस्त्यावर ओतता आल्या असत्या.

वेंडेलिनसाहेब दारातच उभे राहिले, आत न येता.
दरांचं पान जरा फिकट येऊ द्या, म्हणाले.
मशीन जुनं आहे, लोक समजून घेतात.
झाकली मूठ बरी.
आणि जाता जाता, पाठ फिरवून :
सतरा वर्षं या इमारतीचं मीठ खाल्लंय तुम्ही.

खाल्लंय.
पण कुणाचं?
संध्याकाळी निघताना शिपाई पायऱ्यांवर मीठ टाकत होता,
बादलीतून, मुठीमुठीनं.
मी कठड्याला धरून उतरले.
दर मुठीचे पैसे कुणीतरी भरले होते,
मी घसरू नये म्हणून.

सकाळी काच पुसली. पान सरळ लावलं.
गडद. स्वल्पविरामसुद्धा चाचपता यावा इतकं.
पाहिलं : १.
ती मी, आता ठाऊक होतं.
तरी कुणासमोर तरी बसल्यासारखी
पदर नसलेले खांदे सावरून बसले.

सोमवारी : २.

मी पडदा बंद केला, परत लावला.
दोनच.

बुधवारी अर्ज आला, आठ दिवसांत उत्तर द्यावं असा.
एतेला गाझ्दोवा, निवृत्त ट्रॉलीबस चालक.
"थांब्यावरच्या नव्या बाकाचा करार वाचला.
बाकाचं तोंड भिंतीकडे असावं
असं त्यात कुठल्या कलमात लिहिलंय?
येणारी बस दिसत नाही.
मी सव्वीस वर्षं बस चालवली,
वाट बघणारी माणसं मला समोरून माहीत आहेत.

ता. क. मिठाचंही उघडलंय.
डोळ्याचं ऑपरेशन झालंय, हळूहळू वाचते.
पान मात्र छान स्वच्छ आलंय."