जागा नव्हती, येळ होती

कसबा बावडा, कोर्टाच्या फाटकासमोर
मोठ्या छत्रीखाली माझा टाइपरायटर.
अर्ज, प्रतिज्ञापत्र, नावात बदल.
पानाला तीस रुपये, घाईचं असेल तर चाळीस.

आण्णाप्पा साळोखे, वय त्रेसष्ट, राहणार गंगावेश,
चपला बाहेर काढून उभे राहिले.
बाहेर म्हणजे रस्त्यावरच;
माझ्या दुकानाला दार कुठं आहे.

"लिवा," म्हणाले, "मला न इचारता मला बघितलं."
कुणी?
"सव्वाचार लाखांनी."

मग तुकड्यातुकड्यानं कळलं.
गुडघे गेलेले, पोरगा पुण्यात,
कागलचा माणूस पहाटेच टेम्पो घेऊन आलेला.
दूध कट्ट्यावर मोगरीची शेवटची धार काढली,
पेला फेसानं भरला, गिऱ्हाइकाला दिला,
सुटे पैसे परत केले.
मग दाव्याची गाठ सुटेना.
तेव्हा तिच्या मानेत त्यांनी तोंड घातलं
आणि
"आणि काय?"
"आणि काय न्हाई. घातलं तोंड."

चहाच्या गाड्यावर एक पोरगं होतं.
त्यानं मागं बासरी लावली,
वर लिहिलं: रांगडा गडी रडला.

आता महाद्वार रोडला माणसं अडवतात,
काका, तुम्हीच ना ते?
तालमीतली पोरं पाठीवर थाप मारतात, प्रेमानं.
"शिव्या दिल्या असत्या तर बरं हुतं," म्हणाले,
"शिवीला उलटी शिवी देता येती."

कलमं मला पाठ आहेत, बसून बसून झालेली.
बाईला तिच्या आडोशात टिपलं, तर आहे कलम.
अंगाचा झाकलेला भाग टिपला, तर आहे.
मान उघडीच असते माणसाची.
म्हशीची तर असतेच.

"जागा खाजगी होती का?"
"गंगावेश हो. खाजगी कशी असंल?"
"मग..."
"जागा न्हवती. येळ होती."

हे मी टाइप केलं.
साहेब हसतील म्हणून फुल्या मारून खोडलं.
मग नवा कागद चढवला
आणि पुन्हा तेच टाइप केलं.

"पण पाडव्याला?" मी विचारलं.
(वकिलांशेजारी बसून लागलेली खोड.)
सागरमाळावर शिंगं रंगवून, गळ्यात कवड्या,
मोरपिसांचा तुरा, हजार फोन तिच्यावर रोखलेले,
तेव्हा नाही काही वाटलं?
"व्हय की. तवा मीच सांगत हुतो,
काढा, शिंगं येऊ द्यात फोटोत.
तिला आंघोळ घातली हुती.
मी बी केली हुती."

पुरावा जोडावा लागतो, पेनड्राइव्हमध्ये.
म्हणजे ठाण्यात हवालदार बघणार,
मग साहेब, मग सायबरवाले,
कुणीतरी आवाज वाढवून बघणार.
बघू नका म्हणायला
आधी टेबलाटेबलावर दाखवायचं.
हे त्यांना सांगितलं नाही.
मी तो मागच्या मंगळवारी जेवताना बघितला होता,
बहिणीला पाठवलाही होता,
तेही नाही.

फोन पुढं केला. "हाच ना?"

त्यांनी तोंड फिरवलं.
जरा वेळानं चष्मा काढला, सदऱ्याला पुसला, घातला.
"थांबवा. हितं. मागं घ्या जरा."
मग अंगठा टेकवला पडद्यावर,
धारा काढून काढून रुंद झालेला,
त्याखाली त्यांचा चेहरा अख्खा गेला.
उरली मोगरी. एक कान मागं वळवलेला,
डोळा टेम्पोकडं नाही, खाली,
जिथं आता अंगठा होता तिकडं.

"तवा मला दिसत न्हवती ती,"
आण्णाप्पा म्हणाले.
बराच वेळ मशीन गप्प.
"हिला ऱ्हाऊ दे म्हणावं.
मी तेवढा काढून टाका.
असं लिवता येतंय का?"

फीत वाळत आलेली. उन्हं टेबलावर चढलेली.
विषय, असं लिहून पुढं मोकळी जागा.

"येतंय," मी म्हटलं.

अंगठा त्यांनी अजून उचलला नव्हता.