तूर्तास

लुधियाना, कौटुंबिक न्यायालय, खोली तीन.
धुकं इतकं, की दुपारीही दिवे चालू.
मी लघुलेखक. माझं काम ऐकणं.
मत असणं नाही.

शमशेरसिंग शपथेवर सांगतो:
भावाच्या कारखान्यात नोकरी, महिना नऊ हजार.
यंत्रं भावाची, गाडी भावाची,
मनगटावरचं घड्याळसुद्धा भावाचंच निघतं.

परमिंदर वहीचं फाडलेलं पान पुढे करते:
दूध. रिक्षा. शाळेची फी.
दम्याचा पंप महिन्याला एक, थंडीत दोन.
शेवटी ‘स्वतःसाठी चपला’,
खोडून पुन्हा लिहिलेलं.

न्यायाधीशबाई विचारतात, यंत्रं किती?
बावीस, ती म्हणते.
भिंतीपलीकडेच निजायचे मी.
एखादं बंद पडलं, की जाग यायची.

मग लेकीला जवळ ओढून
तिच्या स्वेटरची कॉलर उलटते.
लेबलावर लाल धाग्यात
‘गुरलीन निटवेअर’.
तुझं नाव काय गं, बाईंनी विचारलं.
मुलीनं सांगितलं.
शमशेरसिंगचा वकील घसा साफ करत राहिला.

खटला चालेल तेवढा चालेल.
तूर्तास मी टाईप करतो:
पत्नीस आठ, मुलीस सात,
अर्ज दाखल झाला त्या तारखेपासून,
दरमहा दहा तारखेच्या आत.

एवढ्यात गुरलीन माझ्या टेबलाशी येऊन
हीटरपुढे हात धरून उभी.
हीटर सरकारी आहे.
पायानं जरासा तिच्याकडे वळवतो,
आणि मग दिसतं,
‘हजार’ लिहायचं राहिलंय.
मागे जातो.