मुद्देमाल: नऊ मिनिटं

कुताइसीला, चहाच्या बंद कारखान्यात
वेळेचं न्यायालय भरतं. मी तिथला कारकून.
बहुतेक खटले किरकोळ:
कुणी परीक्षेचा तास ताणलेला,
कुणी सावकाराच्या दारात वेळ मारून नेलेली,
खरोखरच मारून. पंचनाम्यात प्रेत नोंदवलं मी.

आज एतेरी ग्वेलेसियानी, वय एकाहत्तर.
रोज संध्याकाळी तीच नऊ मिनिटं
उलटी फिरवली, चारशे बारा वेळा.

खालच्या मजल्यावरची म्झिया साक्षीला:
"माझं दूध उतू जायला येतं
आणि जातच नाही.
वर्ष झालं, फडकं हातात धरून उभी आहे."

न्यायाधीश म्हणाले, नऊ मिनिटांचं काही नाही हो,
काळ सोकावतो.
मग चष्मा पुसत, जरा हळू:
"काय होतं त्यात?"
"नवरा. बूट शोधत होता.
सापडला, तसा गेला."
"कुठे होता बूट?"
"पलंगाखाली. मला ठाऊक होतं."

नऊ मिनिटं जप्त.
अक्रोडाच्या मुरंब्याची असते तेवढी बरणी,
वर लाखेचं सील.
मीच फडताळावर ठेवली.

दिवे घालवताना कान लावला.
नियमात बसत नाही हे.
आत कुणीतरी वाकतं, कण्हतं, खुर्ची सरकवतं.
"एतेरी, पाहिलास का गं?"
आणि ती, अगदी काचेजवळून:
"नाही. दारामागे बघ.
नीट बघ."